तीनशे माणसांचं एक मत

ताउइली म्हणजे गावाचा बोलणारा. बडबड्या नव्हे हं! सामोआतल्या त्या गावात सभेत कुणीही उठून तोंड उघडत नाही. सगळे बसून ठरवतात, मग काठी टेकून एकटा ताउइली उभा राहतो. तो बोलला की तीनशे माणसं बोलली. तीस वर्षं हेच चाललेलं.

सरकारने रस्ता रुंद करायचं काढलं आणि वर मेहेरबानी म्हणून योजना इंटरनेटवर टाकून लोकांची मतं मागवली. "आता कारभार तुम्हीच ठरवा!" असं रेडिओवाला घसा फोडून सांगत होता. रस्त्यात घरांपुढची अकरा थडगी जात होती. त्यातलं एक ताउइलीच्या बायकोचं, इलिसाचं.

गाव तीन दिवस बसलं आणि एकमुखाने नाही म्हणालं. ताउइलीने काठी टेकली, तो बोलत गेला आणि शाळेत शिकवणारी त्याची पुतणी लांगी फोनवर लिहीत गेली. काय बोलला तो! म्हाताऱ्यांचे डोळे पाणावले.

"काका, बाकीच्यांनीही लिहायचं का?"

"माझ्यानंतर? गावात फूट पडली असं वाटेल ना गं त्यांना!"

महिन्याने तो बोटीने राजधानीच्या कचेरीत गेला. तिथल्या बाईंनी बघून सांगितलं, "बाजूने चौपन्न, विरोधात एक."

"तो एक म्हणजे आमचं अख्खं गाव, बाई."

"इथे एका नावाचं एकच मत धरतात, आजोबा. बाकीच्यांनी का नाही लिहिलं? मिनिटभराचं तर काम." बाई वाईट नव्हत्या. पण मुदत संपली होती.

गावात त्याला कुणी बोल लावला नाही. तेच त्याला सोसवेना. सभेत काठी टेकून तो म्हणाला, "घोळ माझा आहे. थडगी कुठे हलवायची यावर आता मतं मागवलीत. या वेळी ज्याने त्याने आपापलं लिहा. मी एक शब्द बोलणार नाही."

"रुसलास होय रे?" म्हातारा पेलेनी कळवळला. "तुझ्याआधी तोंड उघडायची आमची काय टाप!"

राग उतरला की बोलेल, म्हणून गाव थांबलं. दिलेला शब्द मोडायचा कसा, म्हणून तोही गप्प राहिला.

मुदत संपली त्या दिवशी लांगीने फोन दाखवला. गावातून एकही मत नव्हतं. इलिसाला कुठे न्यायचं ते आता कचेरी ठरवणार होती.