अंतरपाटामागचा चष्मा

चष्म्याच्या जुन्या डबीत आज कुंकवाने लाल झालेला अक्षतेचा एक दाणा सापडला आणि कर्वेनगरचं ते कार्यालय, मोगऱ्यात मिसळलेला हेअर स्प्रेचा वास, सगळं परत आलं. माझा नंबर मायनस सहा आणि लेन्स डोळ्यांना सोसत नाहीत. पण रील्समध्ये चष्म्यातली नवरी मी कधी पाहिलीच नव्हती, म्हणून मेकअपवालीला मी चष्मा काढून मामाच्या हातात देऊ दिला. शेवटचं मंगलाष्टक सुरू झालं आणि लक्षात आलं, की अंतरपाट दूर होईल तेव्हा मला नवऱ्याऐवजी नुसता पिवळट ठिपका दिसणार. मी मागे वळून म्हटलं, "मामा, चष्मा दे." मेकअपवाली धावत आली. "अहो मॅडम, कॅमेऱ्यात काचांवर ग्लेअर येईल!" "येऊ दे. मला तो दिसायला हवा." अंतरपाट सरकला, अक्षता उडाल्या, आणि समोर तो, रीलसाठीच स्वतःचा चष्मा काढून, डोळे बारीक करून मला शोधत होता. आजही ती रील पाहून लोक ग्लेअरला नावं ठेवतात. ठेवोत. त्या क्षणी आम्हा दोघांपैकी निदान एकाला तरी दिसत होतं.