आतोबांची कडकी

आमच्या आतोबांइतका सुखात राहिलेला कडका माणूस अख्ख्या रायगड जिल्ह्यात शोधून सापडणार नाही. मला कळायला लागल्यापासून ते कडके आहेत. नागावला त्यांची माडापोफळींची वाडी, वाडीत कौलारू घर, मागे पाहुण्यांना भाड्यानं द्यायला बांधलेल्या दोन खोल्या, विहिरीला बारमाही गोडं पाणी, आणि घरात माझी आत्या, जिच्या हातचं जेवून माणूस दुपारी हमखास आडवा होतो. इतकं सगळं असून हा गृहस्थ सकाळी तोंड धुऊन ओटीवर येऊन बसला की समोरून जाणाऱ्याला पहिलं वाक्य काय ऐकवणार, तर "आज जाम कडकी आहे रे!" लोक नमस्कार म्हणतात, रामराम म्हणतात, हे कडकी म्हणत. आणि तेही इतक्या प्रसन्न चेहऱ्यानं, की ऐकणाऱ्याला वाटावं, यांना लॉटरीच लागली.

बरं, कडकी म्हणजे नुसते पैसे नसणं असं समजाल, तर त्यांच्यापुढे तुमची खैर नाही. मी कॉलेजात असताना एकदा सुट्टीत त्यांच्याकडे गेलो होतो. बोलता बोलता सहज म्हणालो, "सध्या पैशांची जरा चणचण आहे." आतोबा सुपारी कातरत होते. त्यांनी अडकित्ता खाली ठेवला. "चणचण पगारदार माणसाला. वीस तारीख उलटली की सुरू होते, एक तारखेला जाते. तू दमडी कमवत नाहीस, तुला कसली चणचण?" बरं मग, तंगी म्हणू? "तंगी व्यापाऱ्याला. त्याच्याकडे पैसा असतो, पण तो दुसऱ्याकडे अडकलेला असतो." खडखडाट म्हणायचा तर डब्यात निदान दोन नाणी तरी हवीत, नाहीतर खडखडणार काय? तीही गेली की ठणठणाट. दिवाळं निघायला माणूस आधी चांगला श्रीमंत असावा लागतो, तेव्हा तो मान आपल्या नशिबी नाही. आणि कफल्लक माणूस त्यांनी फक्त पुस्तकात वाचला होता, गावात पाहिलेला नव्हता. "आणि गरिबी?" मी विचारलं. तेव्हा मात्र ते हसले नाहीत. "गरिबीची थट्टा करू नये. ती घरात राहायला येते. कडकी ही पाहुणी. आज आली, उद्या गेली." एवढं सांगून त्यांनी अडकित्ता उचलला, तेवढ्यात आतून आत्या म्हणाली, "तुमची पाहुणी माझ्या लग्नाआधीपासून मुक्कामाला आहे. तिला एकदा एसटीत बसवून द्या!"

आत्याच्या या वैतागाला कारण होतं. आतोबांच्या सदऱ्याला खिसा होता, पण त्यात पैसे ठेवायचे असतात हे त्यांना कुणी सांगितलं नव्हतं. खिशात अडकित्ता आणि चुन्याची डबी. नाक्यावरच्या हॉटेलात, म्हणजे चार बाकडी आणि एक शेगडी असलेल्या टपरीत, ते रोज सकाळी चहाला जात. चहा पिऊन झाला की शेजारी जो बसला असेल त्याच्या गुडघ्यावर थाप मारून म्हणत, "दे रे पैसे, आज कडकी आहे." तो देई. दुसऱ्या दिवशी उजाडता उजाडता त्याच्या दारात एक सोललेला नारळ ठेवलेला असे, नाहीतर केळ्यांची फणी, नाहीतर मूठभर सुपाऱ्या. कुणी ठेवला, कशाला ठेवला, त्यावर पुढे चकार शब्द नाही. आता एका चहाला एक नारळ, हा कुठला धंदा? आत्या हिशोब मांडून दाखवायची, तर हे म्हणत, "तो चहाचा नाही गं, कडकीचा आहे." गावातले लोक काय खुळे आहेत? आतोबांच्या शेजारच्या जागेसाठी सकाळी टपून असत. मी स्वतः दोन मोठ्या माणसांना त्या बाकड्यावरून भांडताना पाहिलं आहे.

मासे घेऊन येणारी कोळीण तर कुंपणापासूनच ओरडे, "भाऊ, आज पन कडकीच हाय ना?"

"व्हय गं बाई, कडकीच."

"मंग दोन वाटे ठेवते!" आणि बोंबलांचे दोन वाटे पायरीवर पडत. जाताना तिच्या टोपलीत नारळ जात. कडकी नाही असं ते चुकून म्हणाले असते, तर तिचाच धंदा बुडाला असता. अलिबागच्या एसटीतल्या कंडक्टरपासून माझ्या लग्नातल्या भटजींपर्यंत सगळ्यांना त्यांनी ही कडकी ऐकवलेली आहे. माझ्या लग्नात आहेराचं पाकीट हातात देताना माझ्या कानात म्हणाले, "आत काही नाही, कडकी आहे." आणि बाहेर टेम्पो उभा! त्यात इतके नारळ, की माझ्या सासरच्यांना वाटलं मुलाकडचे व्यापारी आहेत.

एकदा मात्र आतोबा चांगलेच तोंडावर आपटले. मुंबईहून एक साहेब बायकोला घेऊन त्यांच्या खोलीवर राहायला आले होते. सकाळी ते व्हरांड्यात पेपर वाचत बसलेले पाहून आतोबांनी आपल्या रीतीनं विचारपूस केली, "काय साहेब, झोप लागली ना? आमच्याकडे आज जाम कडकी आहे!" साहेब चपापले. इकडेतिकडे बघून त्यांनी पाचशेची नोट घडी करून हळूच पुढे केली. "हे कशाला?" आतोबा. "नाही, तुम्ही अडचण म्हणालात..." "अडचण? अडचण कधी म्हणालो मी? कडकी म्हणालो!" साहेबांना काही उमजेना, आतोबांना तर त्याहून उमजेना. तसेच आत आले आणि आत्याला विचारू लागले, "अगं, मुंबईत कडकीला दुसरं काही म्हणतात काय?" दुपारी साहेब निघाले तेव्हा आतोबांनी त्यांची डिकी शहाळ्यांनी भरली. साहेबांनी काच खाली करून विचारलं, "याचे किती झाले?" आतोबांनी डिकी जरा जोरातच आपटली आणि ते वाडीत निघून गेले.

आणि मग ते वादळ आलं. टाळेबंदीमुळे पाहुणे आधीच बंद होते. फोन लागेना, रस्त्यांवर झाडं आडवी. वाट मोकळी झाल्याबरोबर मी पनवेलहून निघालो. वाडीत पाऊल टाकलं आणि डोळ्यांवर ऊन आलं. लहानपणी भर दुपारी त्या वाडीत दिवेलागणीची वेळ झाल्यासारखं वाटायचं. आता वर सगळं आभाळ. पोफळी काडीसारख्या मोडून पडलेल्या, माड मुळासकट उपटलेले, जे उभे होते त्यांच्याही झावळ्या पिळवटलेल्या. आतोबा एका पडलेल्या माडावर बसून सुपारी कातरत होते. मला बघून म्हणाले, "ये ये. आम्ही मजेत आहोत. काही कमी नाही."

मला बरं वाटलं. आतोबांचा धीर बघा, असं मी घरी बायकोला कौतुकानं सांगितलंसुद्धा. पुढे दर आठवड्याला फोन करायचो आणि दर आठवड्याला तेच, "मजेत. काही कमी नाही." शेवटी एकदा आत्यानं फोन घेतला. आवाज खाली आणून म्हणाली, "अरे, ह्यांचं काहीतरी बिनसलंय. वादळ झाल्यापासून एकदाही म्हणाले नाहीत."

"काय म्हणाले नाहीत?"

"कडकी आहे म्हणून. मला फार भीती वाटते रे."

जन्मभर त्या शब्दाला कावलेली बाई आता त्या शब्दासाठी रडत होती. मी दुसऱ्याच दिवशी नागाव गाठलं. तिथे गेल्यावर एकेक गोष्ट कळत गेली. आतोबांनी हॉटेलात जाणं सोडलं होतं. कोळीण दारात आली की "आमचे उपास चालू आहेत" म्हणून तिला परत पाठवत होते. ती माझ्याजवळ तणतणली, "कंचा देव यवढं दिस उपास घालतो, मला पन दाखवा! मी मासली टाकून जाते म्हनलं, नारल मागाहून द्या, तर दार लावून घेतात." आणि रस्त्यावर जागेचा एक एजंट पांढरी गाडी घेऊन रोज चकरा मारत होता. वाडीला चांगली पार्टी आहे, रोख व्यवहार, बंगला बांधायचाय. माझ्यासमोर त्यानं विचारलं, "काका, काही अडचण असेल तर मोकळेपणानं सांगा." आतोबा फाटकाला टेकून हसत म्हणाले, "छे हो! काही कमी नाही." गाडी गेल्यावर त्यांनी फाटक घट्ट धरलं होतं ते मी पाहिलं.

दुपारी मी एक पाकीट त्यांच्या पानाच्या डब्याखाली सरकवलं. ते त्यांनी काढलं आणि माझ्या हातात परत ठेवलं. "आतोबा, मी काय परका आहे? कडकी आहे असं म्हणा आणि ठेवून घ्या." "अरे, कडकी म्हणायला मागे वाडी उभी लागते. घेतलं, आणि सकाळी तुझ्या दारात ठेवायला काही नाही, तर त्याला कडकी म्हणत नाहीत."

"मग काय म्हणतात?"

आतोबा उठले, आणि पडलेल्या झावळ्या ओढून एका बाजूला लावू लागले. मी दुसरं टोक धरलं.

वाडी मात्र त्यांनी विकली नाही. आत्यानं मोकळ्या जागेत केळीचे मुनवे लावले, दोघांनी मिळून माडांची रोपं लावली. पाहुणे पुन्हा येऊ लागले तेव्हा आत्या पहाटे उठून त्यांना घावणे घालू लागली. मी पैसे द्यायचा नाद सोडला, त्याऐवजी दर हिवाळ्यात माझ्या ऑफिसची माणसं त्यांच्या खोल्यांवर नेली. खोलीचं भाडं घ्यायला त्यांची हरकत नव्हती. एजंट हळूहळू कंटाळला. पण कुणी काही विचारलं की आतोबांचं आपलं तेच, "काही कमी नाही." मला त्या वाक्याची अगदी धास्ती बसली होती.

गेल्या हिवाळ्यात गेलो, तर म्हणाले, "चल, चहा घेऊन येऊ." वाटेत त्यांनी मला वर बघायला लावलं. वाचलेल्यांपैकी दोन-तीन माडांना नारळ धरले होते. हॉटेलात बसलो, चहा झाला. आतोबांनी माझ्या गुडघ्यावर थाप मारली आणि म्हणाले, "दे रे पैसे, आज जाम कडकी आहे."

हॉटेलवाल्याच्या हातातलं चहाचं गाळणं तसंच राहिलं. "भाऊ, काय बोललात?"

"बहिरा झालास काय? कडकी आहे म्हटलं!"

मी खाली बघून पाकीट चाचपत बसलो. हॉटेलवाला म्हणाला, "इतर दिवशी घेतले नसते. आज घेनार. भाऊंना कडकी हाय." त्यानं माझ्याकडून दोन चहांचे पैसे घेतले आणि कपाळाला लावून गल्ल्यात टाकले.

दुसऱ्या दिवशी निघताना गाडीच्या सीटवर एक नारळ होता. लहानसाच, पण नीट सोललेला. आतोबा ओटीवर पाठमोरे बसून पान जमवत होते, आणि मीही काही बोललो नाही. तो नारळ अजून आमच्याकडे पनवेलला फडताळात आहे. बायको म्हणते, वाळून जाईल, चटणी तरी करू. मी मधूनमधून तो कानाशी धरून हलवतो, पाणी आहे की नाही बघतो, आणि परत ठेवतो. आतोबांनी लावलेली रोपं आता माझ्या डोक्याच्या वर गेली आहेत. त्यांना नारळ धरतील तोवर आतोबा फार म्हातारे झालेले असतील. तेव्हाही त्यांना अशीच जाम कडकी असावी, आणि चहाला शेजारी मी असावा, एवढंच मला वाटतं.