कडीच्या डब्यावरचं नाव

आधीच सांगतो, मी डिझेल मेकॅनिक. चाळीस वर्षं होड्यांची इंजिनं खोलली. जे पान्याने खोलता येत नाही त्याच्यावर माझा विश्वास नाही. या ग्रुपवरचे चकव्यांचे, देवचारांचे आणि बाकी भुतांचे किस्से मी बायकोला मोठ्याने वाचून दाखवतो आणि आम्ही दोघं पोट धरून हसतो. तेव्हा आता तुम्ही मला हसलात तर तक्रार नाही... फक्त शेवटपर्यंत वाचा.

एप्रिल १९८५. रत्नागिरी जिल्ह्यातलं जयगड. मी तेवीस वर्षांचा, आयटीआय झालेला. दुबईच्या एका वर्कशॉपचा व्हिसा आला होता, मे महिन्यात निघायचं होतं. आई येईल-जाईल त्याला ते सांगत सुटली होती. वडील काही बोलत नव्हते. त्यांचा छोटा मचवा होता, त्यावर मीच आदल्या वर्षी इंजिन बसवून दिलं होतं.

त्या दिवशी आम्ही दोघंच समुद्रात होतो. दुपारचे चार-सव्वाचार झाले असतील. खाडीच्या तोंडापासून दोनेक मैलांवर इंजिन बंद पडलं. डिझेलच्या लाइनीत हवा शिरली होती, नेहमीचंच. मी नट सैल करून हवा काढत होतो, बाबा विडी ओढत बसले होते. वारा इतका पडलेला की विडीचा धूर सरळ वर चाललेला.

मान वर केली तर समोर गलबत. दोन डोलकाठ्या, सुती शिडं... आणि शिडं टम्म फुगलेली! इंजिनाचा आवाज नाही. तेव्हा शिडाची गलबतं जवळजवळ संपलीच होती, त्यामुळे मी बघतच राहिलो. ते अगदी आमच्या मचव्याला लागून थांबलं. पांढऱ्या दाढीचा तांडेल, म्हणजे गलबताचा कप्तान, कठड्यावर वाकला.

"ओ नाखवा, किल्ल्यावर निशान कुनाचा हाय आता?"

मला वाटलं, म्हातारा चेष्टा करतोय. बाबांनी मात्र शांतपणे उत्तर दिलं, "कुनाचाच नाय. सरकारचा हाय तो."

"कंच्या सरकारचा?"

बाबांना हसू आलं. तांडेल मात्र हसला नाही. त्याने किनाऱ्याकडे डोळे बारीक करून पाहिलं आणि मागच्याला म्हणाला, "मोठ्या बोटींची जेटी अजून झाली नाय रे. लवकर आलो." तो पाहत होता तिथे तेव्हा नुसता कातळ होता आणि करवंदीच्या जाळ्या. आज तिथे काय आहे ते तुम्ही गुगलवर बघा.

मग त्यांनी प्यायचं पाणी मागितलं. आमच्याकडे समुद्रावर पाण्याला नाही म्हणत नाहीत. एका खलाशाने दोरीला बांधून कडीचा डबा खाली सोडला. त्या खलाशाच्या कमरेला पातळ, आरपार दिसणारी प्लॅस्टिकची बाटली लटकत होती, निळ्या झाकणाची. तशी बाटली मी पुन्हा पाहिली ती बारा-पंधरा वर्षांनी, एसटी स्टँडवर.

डबा स्टीलचा होता. बाबांनी तो धरला, मी कळशीतून पाणी ओतायला लागलो आणि माझं लक्ष अक्षरांकडे गेलं. भांड्यांच्या दुकानात ठिपक्याठिपक्यांनी नाव कोरून देतात ना, तसं. 'कै.' आणि पुढे बाबांचं नाव, आजोबांचं नाव, आडनाव, मुक्काम जयगड. 'यांचे स्मरणार्थ'. खाली साल — १९८६.

पाणी बाहेर सांडलं. बाबा शाळेत कधी गेले नव्हते. डबा फिरवत त्यांनी विचारलं, "काय लिवलाय रे?"

"कुनाच्या तरी लग्नातला हाय," मी म्हणालो.

डबा वर गेला. गलबत खाडीकडे वळलं. मी खाली वाकून शेवटचा नट आवळला, पुरता एक मिनिटही लागला नसेल, आणि वर पाहिलं तर समुद्र मोकळा. बंदरावर येऊन चारजणांना विचारलं. कुणीही गलबत पाहिलं नव्हतं.

मी दुबईला गेलो नाही. कागदात घोळ झाला असं सांगितलं. आईने वर्षभर टोमणे मारले, आणि तिचं काही चुकलं नाही. मी रोज बाबांबरोबर समुद्रावर जायला लागलो. ते खोकले तरी मला धस्स व्हायचं. १९८६ उजाडलं तेव्हा तर मी त्यांना मचव्याच्या काठावर बसूही देईना. ते वैतागायचे, पण का म्हणून कधी विचारलं नाही.

ऑक्टोबरात ते गेले. समुद्रात नाही, घरात, दोन दिवस छातीत दुखून. तेराव्याला आत्या म्हणाली, नावं घालून कडीचे डबे वाटूया. मी जवळजवळ ओरडलोच तिच्यावर. कुणाला एक चमचाही वाटला नाही, आणि आमच्या घराण्यात कुणी मागाहूनही तसा डबा वाटलेला नाही. मग तो डबा आला कुठून? माझ्या डोक्याने इथे कधीच हात टेकलेत.

आणि जे लिहू की नको असं वाटत होतं, तेही लिहून टाकतो. जायच्या आदल्या दुपारी बाबा उशीला टेकून बसले होते. आई विहिरीवर गेली होती. ते म्हणाले,

"तो डबा लग्नातला नव्हता."

मी हातातला तांब्या खाली ठेवला.

"होडीच्या लायसनवर अंगठा नको म्हनून मास्तरान सही शिकवलान होती माला. माजा नाव माला वाचता येता. तेवढाच येता. बाकीचा तुजा तोंड बगून समाजलो."

मला रडू फुटलं. मी विचारलं, "बाबा, मग तुमी इतके दिवस बोल्लात का नाय?"

"बोल्लो असतो तर तुला 'दुबईला जा' म्हनावा लागला असता." त्यांनी माझा हात धरला. "नि माला ता म्हनायचा नव्हता."

गलबताचं काय ते मला आजही सांगता येत नाही. तुमच्यापैकी कुणाला येत असेल तर जरूर लिहा. दीड वर्ष मी त्यांना सांभाळतोय असं समजत होतो, तेव्हा ते रोज पहाटे माझ्याआधी उठून, माझ्यासाठी चहा टाकून बसलेले असायचे.