वळणावरचा हॉर्न

जीपकाका सरळ रस्त्यावर कधीच हॉर्न वाजवत नसत. त्यांची अख्खी नोकरी सरकारी जीपवर, नाशिक-पेठच्या घाटात गेली. पण त्यांचा हॉर्न ऐकू यायचा तो फक्त वळणावर. नाशिक रोडला ते आमच्या शेजारी राहायचे. मला गाडी त्यांनीच शिकवली. सिग्नलला माझा हात हॉर्नकडे गेला की म्हणायचे, "कशाला? त्याला दिसतोय ना आपण? वळणावर दिसत नाय, तिथं वाजवायचा."

जीपवर त्यांची भारी माया. साहेब उतरले की आधी बॉनेटवर हात फिरवायचे, मग चहाला जायचे. आम्ही काकूंना चिडवायचो, की तुमच्यापेक्षा जीपच्या तब्येतीची चौकशी जास्त होते. काकू म्हणायच्या, "ती पहिली, मी दुसरी."

काकांच्या निवृत्तीआधी ती जीप मोडीत निघाली. काकांनी ती स्वतः चालवत खात्याच्या वर्कशॉपला नेली, किल्ली तिथल्या मेस्त्रीच्या हातात दिली आणि बसने घरी आले. पावती घेतली नाही. मी नंतर चिडून विचारलं, तर म्हणाले, "आपल्याच माणसाकडं पावती कशी मागायची, ताई? त्याला काय वाटंल?"

मेस्त्री पुढे वारला. वर्कशॉपच्या दप्तरात जीपची नोंदच सापडेना. कार्यालय म्हणालं, गाडी तुमच्या ताब्यात आहे, ती जमा करा, मग ग्रॅच्युइटी घ्या. चौकशी नाही, आरोपपत्र नाही, नुसतं अडवून ठेवलं. पेन्शन चालू होती, त्यामुळे घर कसंबसं चालायचं. पण पेठकडच्या त्यांच्या गावात बातमी पोचली ती वेगळीच: यांनी सरकारी जीप विकून खाल्ली. काकांनी गावाला जाणं सोडलं. सख्ख्या पुतण्याच्या लग्नालाही गेले नाहीत.

मी वकील. नोटीस देऊ, नाही ऐकलं तर मॅटमध्ये, म्हणजे सरकारी नोकरांच्या न्यायाधिकरणात जाऊ, उशिराचं व्याजही मिळतं, असं कितीदा सांगितलं. ते हसून टाळायचे. "सरळ रस्ता हाय, ताई. मी दिसतोय की त्यांना." दिसत होतेच. दर सोमवारी इस्त्रीचा शर्ट घालून कार्यालयातल्या बाकावर जाऊन बसायचे आणि साहेबलोक त्यांच्या समोरून ये-जा करायचे. मला त्या साहेबांचा संताप यायचा. खरं सांगायचं तर काकांचाही यायचा.

एका सोमवारी नव्या साहेबांनी त्यांच्यादेखत शिपायाला विचारलं, "जीप गायब करणारा तो हाच का?" काका तिथून थेट माझ्याकडे आले. पाणीसुद्धा घेतलं नाही. म्हणाले, "वळण आलं, ताई. वाजवा." दारापर्यंत गेले आणि परत फिरले. "पैशाचं बघा, नायतर नका बघू. गाडी मी पळवली नाय, एवढं लिहून आणा."

मी मॅटमध्ये अर्ज केला. तारखा पडत गेल्या. खातं उत्तरासाठी मुदतीवर मुदत मागत राहिलं, आणि त्यातच काका हार्ट अटॅकने गेले. काकूंचं नाव वारस म्हणून लावून मी प्रकरण पुढे चालवलं. आम्ही जिंकलो. चौकशीशिवाय ग्रॅच्युइटी अडवता येत नाही, ती व्याजासह द्या, असा आदेश झाला.

आदेश घेऊन मी काकूंकडे गेले. त्यांनी तो काकांच्या फोटोपुढे ठेवला, जरा वेळाने उचलून पुन्हा माझ्या हातात दिला. "गाडी त्यांनी पळवली नाही, हे कुठं लिहिलंय, तेवढं वाच."

ते लिहिलेलं नव्हतं. चौकशीच झाली नसल्याने जीपच्या प्रश्नात शिरण्याची गरज नाही, एवढं एक वाक्य होतं. मी ते वाचून दाखवलं.

"म्हणजे गावाला मी काय सांगू?" काकू म्हणाल्या.



दुसऱ्या दिवशी कोर्टाकडे निघाले, तर पुढे एक सरकारी गाडी आडवी उभी. रस्ता सरळ होता, लख्ख ऊन होतं, आतल्या माणसाला मी स्वच्छ दिसत होते. मी हॉर्नवर हात ठेवला, तो काढलाच नाही.