देस्पिनाकाकूंचा एका शब्दाचा संवाद

देस्पिनाकाकूंनी अथेन्समध्ये अकरा सिनेमे केले आणि अकराही सिनेमांत दार उघडलं. मोलकरणीचं काम. पाहुणा विचारणार, "बाईसाहेब आहेत का?" काकू म्हणणार, "ने." झालं, संवाद संपला. उरलेला सिनेमा बाईसाहेबांचा. बाराव्यात म्हणे त्यांना रडायचंही होतं, पण तो सिनेमा निघालाच नाही. मग त्या बोटीत बसून मेलबर्नला आल्या आणि बिस्किटांच्या कारखान्यात लागल्या.

हे मला पुढे कळलं. २००८ साली मेलबर्नच्या क्लेटन उपनगरात मला फक्त एक खोली हवी होती. विद्यार्थ्यांची अशी झुंबड, की लोक गॅरेजसुद्धा भाड्याने देत. मी हृषिकेश नावाच्या मित्राच्या हॉलमध्ये तीन आठवडे चोरून गादी टाकून होतो आणि रविवारी घरमालकाचा एजंट घर तपासायला येणार होता.

"साल्या यतिन, तू सापडलास तर आम्ही पाचही जण रस्त्यावर," हृषिकेशने प्रेमाने सांगितलं.

शनिवारी एकोणिसावं दार वाजवलं. काळ्या झग्यातल्या, पांढऱ्या केसांच्या बाईंनी उघडलं.

"रूम आहे का?" मी इंग्रजीत विचारलं.

"ने."

माझ्या सातारी कानाला ऐकू आलं, "नै." नै तर नै. "नो वरीज," म्हणून मी वळलो.

"ने! ने!"

एवढं ओरडून नाही कशाला म्हणायचं? मी पाय उचलला. बाई सपाता फटफटवत फाटकापर्यंत धावल्या आणि माझी सॅक धरली. "येस, स्टुपिड! ग्रीकमध्ये ने म्हणजे येस!"

संध्याकाळी मी आईला फोन लावला. काकूंनी तो हिसकावला आणि तिला धीर देत म्हणाल्या, "ने, ने! गुड बॉय!"

फोन परत हातात आला तेव्हा आई रडकुंडीला आलेली. "पहिल्याच दिवशी काय केलंस रे? त्या तर 'ने' म्हणतायत, याला घेऊन जा म्हणून!"

कोणी नेलं नाही. चार वर्षं राहिलो. शिफ्टवरून यावं तर ओट्यावर माझं ताट झाकलेलं. जेवायला बसलो की काकू म्हणायच्या, "अकरा सिनेमांत माझं 'ने' ऐकून एकही पाहुणा पळाला नाही. तू पहिलाच."

शहराच्या दुसऱ्या टोकाला, ट्रुगानिनाला घर घेतलं आणि सामान घेऊन निघालो, त्या दिवशी दार त्यांनीच उघडून धरलं.

"काकू, दर रविवारी जेवायला आलो तर चालेल?"

"ने," त्या म्हणाल्या. आणि बाराव्या सिनेमातलं राहून गेलेलं काम त्यांनी तिथेच, उंबऱ्यात, एका टेकमध्ये करून टाकलं.