बेटाचं पत्र

समुद्र मी पहिल्यांदा पाहिला तो पन्नाशी उलटल्यावर. पण त्याच्या कितीतरी आधी, लढाईच्या दिवसांत, एका अख्ख्या आळीला समुद्र मीच दाखवला होता. त्याचं पुढे काय झालं हे सांगायला मला आजवर तोंड नव्हतं. आता ज्यांच्यापासून लपवायचं होतं त्यातलं कुणी उरलेलं नाही, म्हणून लिहिते.

माझं माहेर सांगलीचं, वडील शाळामास्तर. घरात पुस्तकांचं एकच कपाट आणि त्यात चाच्यांच्या गोष्टींचं एक जाडजूड पुस्तक होतं. त्याची सुरुवातीची आणि शेवटची पानं उंदरांनी खाल्लेली, त्यामुळे ते कुणी लिहिलं हे कळायची सोय नव्हती. काळी निशाणं, वादळात फाटलेली शिडं, रात्रीतून गलबतावर उड्या टाकणारे दर्यावरचे लुटारू आणि डोलकाठीवर चढून बसलेले खलाशी हे सगळं मला तोंडपाठ होतं. कृष्णेचा पूर सोडला तर दुसरं मोठं पाणी मी पाहिलेलं नव्हतं. मराठी सातवी झाले, सतराव्या वर्षी लग्न झालं आणि सातारा जिल्ह्यात, पाटणच्या वाटेवरच्या एका गावी आले, तेव्हा ट्रंकेत लुगड्यांच्या खाली ते पुस्तक होतं. सासूबाईंनी विचारलं, "ही पोथी हाय व्हय?" मी म्हणाले, "हो." खोटं बोलायला मी तिथूनच लागले म्हणा.

गावात दर दोन घरांआड एक माणूस पलटणीत होता. आठवड्यातून एकदा टपालवाला यायचा. पत्र आलं की ते आधी देवापुढे ठेवायचं, कोपऱ्याला हळदकुंकू लावायचं आणि मग आळीतल्या बायकांना हाक मारायची. लढाईवरून आलेलं पत्र एकटीनं ऐकणं वाईट समजत. वाचणारीला पाट मिळे, बाकीच्या सगळ्या जमिनीवर बसत. आळीत वाचता येणारी बाई मी एकटीच. एरवी डोईवरचा पदर ढळला तरी बोलणी खाणारी मी सून, त्या अर्ध्या घटकेपुरती पाटावर बसायची आणि सासूबाई माझ्यासमोर खाली बसायच्या. ते मला किती आवडायचं हे मी आज कबूल करते. तेव्हा विचारलं असतंत तर मी कानांवर हात ठेवले असते.

आमच्या शेजारी आत्याबाई राहत. नात्यानं त्या आमच्या कुणी नव्हेत, पण आळीतल्या सगळ्या सुना त्यांना आत्याबाईच म्हणत. नवरा जुन्या लढाईत गेलेला, दोन मुलगे. थोरला चौथी शिकलेला. तो साताऱ्याला भरतीला गेला तो बापासारखं पलटणीत जायचं म्हणून, पण त्याला घातलं आगबोटीवर. ऊस आणि बैल यांच्यात वाढलेला माणूस पाण्यावर काय करणार, याचं गावाला मोठं कोडं पडलं होतं. धाकटा एकोणीस वर्षांचा. त्याला शाळेची पायरी ठाऊक नव्हती, पण अंगानं थोरल्यापेक्षा दांडगा आणि स्वभावानं लय गोड. पत्र आलं की तो उंबऱ्यावर येऊन बसायचा आणि हातानं काहीतरी वळत, विणत ऐकायचा.

थोरल्याची पत्रं म्हणजे ओळी आठ आणि त्यातल्या चार सरकारनं काळ्या शाईनं खोडलेल्या. पहिलं पत्र मी जसंच्या तसं वाचलं. मी खुशाल आहे, तुमची खुशाली कळवा, बैलांना जपा. आत्याबाई माझ्या तोंडाकडे बघत राहिल्या.

"एवढंच?" त्या म्हणाल्या. "तीन महिन्यांनी कागद आला, त्यात एवढंच?"

त्यांचा चेहरा बघवेना म्हणून मी केलं, असं मी पुष्कळ वर्षं स्वतःला सांगत आले. ते अर्धंच खरं. मला पाटावरून इतक्या लवकर उठायचं नव्हतं. मी म्हणाले, "थांबा, मागच्या बाजूला आहे," आणि कागद उलटा करून पुस्तकातलं एक वादळ त्यांना वाचून दाखवलं. लाटा माडीएवढ्या उंच, थोरला डोलकाठीला दोर बांधतोय, कप्तान खालून शाबासकी देतोय. आगबोटीला शीड नसतं हे मला माहीत नव्हतं आणि त्यांनाही. एकीनं विचारलं, "समुद्राचा पल्याडचा काठ दिसतो का गं?" मी म्हणाले, "नाही." काठ नसलेलं पाणी कुणाच्याच डोळ्यांपुढे येईना.

पुढच्या पत्राला अंगण भरलं. त्याच्या पुढच्या पत्राला पुरुषही कामं टाकून येऊन उभे राहिले. मी थोरल्याला चाच्यांच्या मागावर पाठवलं, त्याच्याकडून त्यांचं गलबत पकडवलं, कप्तानाला त्याच्या पाठीवर थाप मारायला लावली. आत्याबाई गावातून ताठ मानेनं चालू लागल्या. धाकटा विहिरीवर मोट हाकताना मला विचारायचा, "वैनी, चाचं म्हंजी दिसत्यात कसं वो? आपल्यावाणीच?" आणि मी पाण्याची घागर कमरेवर घेऊन त्याला चाच्यांच्या कानातल्या बाळ्या समजावून सांगायची.

मग ते पत्र आलं. त्याच्या कोपऱ्यावर हळदीचं बोट जरा जास्तच मोठं उमटलं होतं, म्हणून ते पुढे लांबूनही ओळखू यायचं. मी पाटावर बसले, घडी उलगडली. या खेपेला, कसं कोण जाणे, कुठंच काळं फासलेलं नव्हतं. ठळक, वाकड्या अक्षरांत लिहिलं होतं: "धाकट्याला भरतीला पाठवू नका. इथे भट्टीपुढे कोळसा ओढायचं काम आहे. खाली अंधार आहे. बोटीला काही झालं तर खालची माणसं वर येत नाहीत. त्याला शेतात राहू दे. आईची शपथ आहे."

मी ते मनात वाचलं. अंगणात पंचवीस-तीस माणसं होती. उंबऱ्यावर धाकटा केतकीचा दोर वळत होता. तो म्हणाला, "वैनी, वाचा की. चाच्यांचं काय झालं?"

हे वाचलं तर मागचं सगळं खोटं ठरणार होतं. डोलकाठी, कप्तान, गलबत, सगळंच. माझ्या तोंडात शेण घातलं असतं लोकांनी, आणि सासूबाईंनी मला सांगलीला पोचवून दिलं असतं. मी ठरवलं, उद्या आत्याबाईंना एकटीला गाठून खरं सांगायचं. तोवर काहीतरी वाचायलाच हवं, म्हणून मी बेट वाचलं. थोरल्याचा एक सोबती काही वर्षांपूर्वी वादळात वाहून गेला, सगळ्यांनी त्याची आशा सोडली, पण लाटांनी त्याला एका बेटावर नेऊन टाकलं होतं. तिथे गोड पाण्याचा झरा होता, फळांची झाडं होती. तीन वर्षांनी एका जहाजानं त्याला पाहिलं आणि तो दाढी वाढलेला असा आपल्या आईच्या दारात उभा राहिला. बायका डोळे पुसत होत्या. माझ्या डोळ्यांसमोर ती वाकडी अक्षरं होती.

उद्या काही उगवला नाही. एकदा आत्याबाईंकडे पाहुणे होते, एकदा सासूबाई माझ्याबरोबर होत्या, एकदा मला ताप होता. कारणं हवी तेवढी मिळतात. मग एके दुपारी आत्याबाईच आमच्या परड्यात आल्या. मी गोवऱ्या रचत होते.

"धाकटा भरतीला जातो म्हणतोय," त्या म्हणाल्या. "बोटीवरच जायचं म्हणतोय, भावाकडं. आजवर मी आडवी पडले. पर थोरला तितं एवढा मानानं ऱ्हातोय, तवा ह्याला तरी का अडवू? सूनबाई, तू समदे कागद वाचल्यास. थोरल्यानं कवा नगं म्हणून लिवलंय का गं?"

त्या अगदी जवळ उभ्या होत्या. आजूबाजूला कुणीही नव्हतं. यापेक्षा चांगली वेळ देवानं काय द्यायची?

"नाही," मी म्हणाले.

चार दिवसांनी धाकटा गेला. जाताना सगळ्यांच्या पाया पडला, माझ्याही पडायला आला, मी मागे सरले. तो हसून म्हणाला, "तुमच्यासाठी चाच्याच्या कानातली बाळी आणतो, वैनी." दहा महिन्यांनी सरकारी कागद आला. तो मात्र मी अक्षर न् अक्षर वाचला. बोट बुडाली, तुमचा धाकटा मुलगा बेपत्ता आहे. अंगणात रड उठली. आत्याबाई तेवढ्या रडल्या नाहीत.

"बेपत्ता म्हंजी?" त्यांनी मला विचारलं.

"म्हणजे... सापडला नाही."

"व्हय ना? मेला म्हणून न्हाई ना लिवलं?" त्या उठल्या, आत गेल्या, पत्रांचा पत्र्याचा डबा घेऊन आल्या आणि त्यातून हळदीच्या मोठ्या बोटाचं ते पत्र काढून माझ्या हातात दिलं. "वाच. बेटाचं वाच."

मी वाचलं. धाकट्याला पाठवू नका, या ओळीवर डोळे ठेवून मी गोड पाण्याचा झरा वाचला.

त्यांनी पितृपक्षात धाकट्याच्या नावानं पान वाढलं नाही, श्राद्ध तर घालूच दिलं नाही. भटजींना त्यांनी दारातून परत पाठवलं. दर सणाला मात्र डबा घेऊन यायच्या, आणि मी बेट वाचायची.

लढाई संपल्यावर थोरला परत आला. छातीचा भाता झालेला, डोळे खोल गेलेले. तो आला त्याच आठवड्यात आत्याबाईंनी मला बोलावलं. "तुझ्याच हातचं हाय न्हवं, मग आता तुझ्यासमोर वाचूया," असं त्याला म्हणत त्यांनी ते पत्र काढलं. त्यानं हात पुढे केला आणि कागद घेतला. मी भिंतीला टेकले. त्यानं आपलंच पत्र सावकाश, पहिल्यापासून शेवटपर्यंत वाचलं, मग आईकडे पाहिलं, मग माझ्याकडे.

"वाचा वैनी," कागद माझ्यापुढे धरून तो म्हणाला. "तुमीच वाचा. माझं अक्षर मलाच लागंना."

मी कसंबसं वाचलं. आत्याबाई मध्येच त्याला विचारायच्या, "हे असंच झालं ना रं?" आणि तो खाली मान घालून म्हणायचा, "व्हय, आई."

मी बाहेर पडले तसा तो माझ्या मागून गोठ्यापर्यंत आला. मी त्याच्या पायांवर डोकं ठेवायला वाकले. तो मागे झाला, जसं त्याच्या भावाच्या वेळी मी झाले होते.

"मी आत्ताच्या आत्ता जाऊन त्यांना सांगते," मी म्हणाले. "मला मारा, काहीही करा."

"काय सांगणार?" तो म्हणाला. त्याला धाप लागली होती. "ती वाट बघती म्हणून दोन घास खाती. तुमी बोलून मोकळ्या व्हाल, आन ती मरंल. न्हाई वैनी. तुमी सुरू केलंय, आता तुमीच वाचत ऱ्हावा. ती हाय तवर."

त्यानं मला शिवी दिली नाही, गावाला काही सांगितलं नाही. तीन वर्षांनी तो छातीच्या दुखण्यानं गेला, तोवर माझ्याशी एक शब्दही बोलला नाही. शिवी दिली असती तर बरं झालं असतं.

आत्याबाई त्याच्यानंतर आणखी अकरा वर्षं जगल्या. दिसायचं कमी झालं, तरी कागदाचा हळदीचा कोपरा बोटांनी चाचपून त्या तोच नेमका काढायच्या. पुढे पुढे नुसतं वाचून त्यांचं भागेना. त्या बेटावरच्या धाकट्याचं विचारायच्या, आणि मला सांगावं लागायचं. थंडीत पांघरतो काय? झाडाच्या सालीचं घोंगडं. सोबतीला कुणी? एक कुत्रं आहे. एके दिवाळीला त्यांनी विचारलं, "तितं खातो काय गं?"

"मासे," मी म्हणाले. पुस्तकात तसंच होतं.

त्यांचा चेहरा उतरला. "माशाला त्यो शिवत न्हाई. ल्हानपनी एकदा काटा अडकला हुता, तवापास्नं वासानं बी वकतो. उपाशी मरंल पोरगं."

मी पुन्हा त्या कागदाकडे पाहिलं. घड्यांवर तो फाटला होता, पण ती ओळ अजून स्पष्ट होती.

"चुकलं माझं," मी म्हणाले. "पुढे आहे, वाचायचं राहिलं होतं. तिथे जोंधळा उगवतो. तो स्वतः पेरतो, स्वतः खुडतो."

"भाकरी जमती का पर त्याला?"

"जमते आता."

"मग हरकत न्हाई," आत्याबाई म्हणाल्या आणि त्यांनी कागद घडी करून डब्यात ठेवायला माझ्या हातातून काढून घेतला.