खरवडलेली तारीख

माझ्या शाळेत थुंकीला बंदी होती, म्हणजे पाटी पुसायला. चुकलं की त्यावर आडवी रेघ मारायची आणि बाजूला बरोबर लिहायचं. चूक लपवायची नाही, हा माझा नियम. नीतिपाठाच्या तासाला मी तो इतक्या वेळा सांगितला होता की पोरं एकमेकांवर पाळत ठेवू लागली. कुणाचं बोट जिभेकडे गेलं की ओरड व्हायची, "गुरुजी, यानं थुका लावला!" मग मी गंभीर चेहरा करून न्यायनिवाडा करायचा. त्या वेळी आपण फार मोठे शिक्षक आहोत असं मला वाटे. वय चोवीस आणि अक्कल त्याहून लहान.

धामणगाव बढ्यापासून दोन कोसांवरचं ते गाव. वऱ्हाड तेव्हा मध्यप्रांताला जोडलेला. शाळा चौथीपर्यंत आणि मास्तर एकटा मी.

दाखल-खारीज रजिस्टर माझ्याच हातचं. जन्मतारीख लिहायची माझी रीत सोपी होती. पोराला डोक्यावरून हात नेऊन पलीकडचा कान धरायला लावायचं. धरता आला तर सहा वर्षं, बोटं थोडी कमी पडली तर साडेपाच, पोर थोराड दिसलं तर आठ. तारीख नेहमी महिन्याची पहिली, म्हणजे वयाचा हिशेब सोपा. गावातली सगळी पोरं पहिल्या तारखेलाच जन्मली, याचं आश्चर्य कुणाला वाटलं नाही. मला तर नाहीच.

चौथीत एका माळ्याचा पोरगा होता. वांगी-मिरचीच्या वाफ्यांना पाणी देता देता तोंडी गणितं करणारा. त्याला शिष्यवृत्तीच्या परीक्षेला बसवायचं मी ठरवलं. पास झाला असता तर नांदुऱ्याच्या इंग्रजी शाळेत गेला असता, नाहीतर विहिरीवर मोट हाकायला होताच. अट एकच, एक जुलैला बारा वर्षं पूर्ण झालेली नसावीत.

रजिस्टर उघडलं. मीच लिहिलेली एक एप्रिल. त्या हिशेबानं पोरगा बारा वर्षं तीन महिन्यांचा.

दुपारच्या सुट्टीत दार लोटून घेतलं. बोरू तासायचा चाकू काढला आणि सालाचा शेवटचा आकडा खरवडला. कागद इतका पातळ झाला की पलीकडच्या पानावरची शाई दिसू लागली. त्यावर पुढचं साल लिहिलं, वर फुंकर मारली. पोरगा एका वर्षानं लहान झाला. दार उघडताना माझ्या मागच्या फळ्यावर माझ्याच वळणदार अक्षरात 'चूक झाकू नये' असं होतं. मी तिकडे पाहिलं नाही.

आठवड्यानं डिप्टी साहेब नांदुऱ्याहून बैलांच्या दमणीत बसून तपासणीला आले. अर्जावर अंगठा लागणार म्हणून मी पोराच्या बापाला बोलावलं होतं. त्यानं येताना माझ्यासाठी टोपलीभर वांगी आणली. मागं दाराशी पोराची आई, धाकट्या पोरीचा हात धरून उभी. ती पोरगी माझ्याच शाळेत तिसरीत.

साहेबांनी अर्ज पाहिला, रजिस्टर पाहिलं. पान उजेडाकडे धरलं. मग शांतपणे पुढची पानं उलटत गेले आणि एका ओळीवर बोट थांबलं.

"ही याची बहीण?"

"हो साहेब."

"भाऊ एप्रिलचा. बहीण ऑगस्टची. त्याच सालची."

मी मनात महिने मोजले. बहिणीची तारीखही माझीच, कान धरून काढलेली. दोन भावंडांत मी चार महिन्यांचं अंतर ठेवलं होतं.

दारातून आवाज आला. "चार महिने? काहो गुरुजी, मी बाई आहो का बकरी? बकरीलेई पाच महिने लागतात!"

पोरं खो खो हसली. साहेब हसले नाहीत. त्यांनी बापाकडे पाहिलं. "हे खरवडायला तू सांगितलंस?"

"मले तं वाचताच येत नाही साहेब."

"वाचता येत नाही, पण वांगी देता येतात ना?"

बाप टोपलीकडे पाहत राहिला. साहेबांनी अर्ज बाजूला सरकवला आणि लेखणी शाईत बुडवली. एक शेरा पडला की पोराचं नाव यादीतून गेलं, आणि बापावर बालंट ते वेगळं. गप्प बसलो तर नोकरी वाचणार होती. अंगठेबहाद्दर माळ्याचं कोण ऐकतो? खरं सांगायचं तर मी तेवढा वेळ गप्प बसलोही. दौतीत बुडालेली लेखणी वर येईपर्यंत.

पोरगा माझ्याकडे पाहत होता. चाळीस पोरं पाहत होती. त्यांना रजिस्टरमधलं काही कळत नव्हतं, पण कुणीतरी थुका लावला आहे एवढं कळलं होतं.

"साहेब, मी खरवडलं," मी म्हणालो. "पहिली तारीखही अंदाजानंच लिहिली होती."

"मग खरी कोणती?"

मला माहीत नव्हती. आईच बोलली. "सीतादहीच्या दिवशी झाला हा. कपाशीत दहीभात ठेवून पहिला कापूस वेचाले लागलो, तं तिथंच कळा सुरू झाल्या. दिवाळी होऊन गेल्ती. पाटलाच्या पुस्तकात लिहेल असन."

कोतवाल-बुक! गावातल्या प्रत्येक जन्म-मृत्यूची नोंद त्यात, आणि ते पोलीस पाटलाच्या घरी, शाळेपासून हाकेच्या अंतरावर. चार वर्षांत मला ते आठवलं नव्हतं. कोतवालानं आणलं. माझ्या मूळ एप्रिलच्याच सालातला नोव्हेंबर, बापाचं नाव, 'मुलगा'. म्हणजे एक जुलैला अकरा वर्षं सात महिने पुरे. पोरगा आधीपासूनच अटीत बसत होता. मी चाकू उचललाच नसता, फक्त चार पावलं चाललो असतो, तरी भागलं असतं.

साहेबांनी रजिस्टर माझ्याकडे फिरवलं. "लिहा. आणि खाली सही."

त्या पातळ झालेल्या आकड्यावरून मी आडवी रेघ मारली, बाजूला खरी तारीख लिहिली, कुणी खरवडलं ते लिहिलं. टाक कागदात रुतून लहानसं भोक पडलं. पुढच्या रांगेतला एक पिटुकला मान उंचावून बघत होता. त्यानं शेजाऱ्याला सांगितलं, "गुरुजीनं रेघ मारली बे."

"अर्ज पाठवतो," साहेब दमणीत चढताना म्हणाले. "तुमच्याबद्दलही पाठवतो."

दोन्ही पोचलं. पोरगा परीक्षेला बसला आणि मी मेहकराच्या पलीकडच्या एका गावी बदलून गेलो.

पण त्या दिवशी साहेब गेल्यावर पोराची आई वांग्यांची टोपली न्यायला परत आली होती. वांगी माझ्या टेबलावर काढून ठेवली, टोपली कडेवर घेतली आणि दारात थबकली.

"गुरुजी, मी रोज याच वाटेनं मळ्यात जातो. मले काऊन नाही इचारलं?"